पहारा ज्याच्या हाती: रोमचे प्रेटोरियन अंगरक्षक आणि गादीचा सौदा

इ.स. १४ च्या ऑगस्टमध्ये रोमचा पहिला सम्राट ऑगस्टस वारला आणि त्याचं मृत्युपत्र सिनेटमध्ये वाचलं गेलं. त्यात सैन्याच्या नावे ठेवलेल्या रकमा होत्या. सरहद्दीवरच्या पलटणीतल्या शिपायाला ३०० सेस्टर्स, म्हणजे तिथली नाणी. रोम शहराच्या बंदोबस्तावर असलेल्या शिबंदीला ५००. सम्राटाच्या अंगरक्षकाला १०००. ऱ्हाईन नदीच्या काठी कडाक्याच्या थंडीत उभा राहणारा शिपाई आणि राजधानीत पहारा देणारा शिपाई यांच्यात तिपटीहून जास्त फरक. ऑगस्टस हिशेबाला पक्का माणूस होता. कोणाची मर्जी राखायला किती पैसे लागतात हे तो ओळखून होता, आणि मरताना त्याने ते आपल्या वारसासाठी लिहूनच ठेवलं.

या अंगरक्षकांचं नाव प्रेटोरियन. जवळजवळ ३४० वर्षं ते रोमच्या सम्राटांभोवती होते. या काळात त्यांनी सम्राट वाचवले, मारले, शोधून आणून गादीवर बसवले आणि एकदा तर गादीच बोली लावून विकली. कायद्याने सत्तेत काडीचाही वाटा नसलेला, पण सत्तेच्या सगळ्यात जवळ उभा असलेला माणूस राज्य कसं फिरवू शकतो, हे समजून घ्यायला यांच्याइतकं चांगलं उदाहरण मला सापडलेलं नाही.

नावापासून सुरू करू. रोमन सेनापतीच्या छावणीतल्या मुख्य तंबूला प्रेटोरियम म्हणत. त्या तंबूभोवती सेनापतीच्या खास विश्वासातले लोक असत, ते प्रेटोरियन. प्रजासत्ताकाच्या काळात ही व्यवस्था फक्त मोहिमेपुरती होती. रोम शहराच्या पवित्र हद्दीत शस्त्रधारी फौज आणायची नाही, हा तिथला जुना दंडक. पण इ.स.पू. ४४ मध्ये ज्युलियस सीझरचा सिनेटच्या बैठकीत खून झाला, आणि त्याने त्याआधी आपले स्पॅनिश अंगरक्षक काढून टाकले होते. त्याच्या दत्तक मुलाने, म्हणजे ऑगस्टसने, हे आयुष्यभर लक्षात ठेवलं. यादवी युद्ध संपवून सत्ता हातात घेतल्यावर त्याने आपले अंगरक्षक कायमच ठेवले.

मात्र राजा म्हणवून घेणं त्याला परवडणारं नव्हतं. त्यामुळे हे सगळं त्याने फार बेताबेताने केलं. नऊ तुकड्या उभारल्या, पण शहरात एका वेळी तीनच. बाकीच्या आसपासच्या गावांत. शहरातल्या तीन तुकड्यांनाही एकत्र छावणी नाही, वेगवेगळ्या ठिकाणी उतरायचं. अंगावर चिलखत नाही, नागरिकाचा टोगा, तलवार त्याच्या आत. एका तुकडीत पाचशे माणसं होती की हजार, यावर अभ्यासकांचा वाद आहे, पण एकूण आकडा काही हजारांचा होता, लाखांचा नव्हे. नोकरी १६ वर्षांची, सरहद्दीवरच्या शिपायाची २० किंवा त्याहून जास्त. पलटणीतल्या शिपायाला वर्षाला ९०० सेस्टर्स, प्रेटोरियनला अंदाजे ३००० च्या घरात. भरती मुख्यतः इटलीतून, म्हणजे घरची माणसं.

इ.स.पू. २ मध्ये ऑगस्टसने या दलावर दोन प्रमुख नेमले. या पदाला प्रीफेक्ट म्हणतात. दोघेही सिनेटच्या खानदानातले नाहीत, त्याखालच्या, घोडेस्वार म्हणवल्या जाणाऱ्या वर्गातले. यामागचा हिशेब सरळ होता. सिनेटर घराण्यातला माणूस उद्या स्वतःच गादीवर डोळा ठेवेल, खालच्या वर्गातल्याला ते स्वप्न पडणार नाही. आणि दोघे असले की एकाचं दुसऱ्यावर लक्ष राहील. हे दोन्ही अडसर पुढे एकेक करून निघाले.

पहिला निघाला ऑगस्टस गेल्यावर दहा वर्षांच्या आत. नवा सम्राट टायबेरियस याच्या वेळी सेजानस नावाचा माणूस एकटाच प्रीफेक्ट होता. त्याने सम्राटाला पटवलं की शहरभर विखुरलेले शिपाई शिस्तीत राहत नाहीत, त्यांना एका जागी ठेवू. इ.स. २३ च्या सुमारास रोमच्या ईशान्येला, तेव्हाच्या वस्तीच्या कडेला, भक्कम भिंतींची एक छावणी उभी राहिली. कास्ट्रा प्रेटोरिया. सुमारे १७ हेक्टर जागा, विटांच्या भिंती, चार दरवाजे. वरवर पाहता हा बांधकाम खात्याचा निर्णय. माझ्या मते मात्र रोमच्या साम्राज्यातला सगळ्यात घातक निर्णय हाच. तोपर्यंत प्रेटोरियन म्हणजे पहाऱ्यावर जाणारी वेगवेगळी माणसं होती. आता सकाळी एकत्र उठणारी, एकत्र जेवणारी आणि एकमेकांची संख्या डोळ्यांनी पाहणारी ती एक जमात झाली. भिंतीआड एकत्र राहणाऱ्या लोकांना स्वतःचं बळ फार लवकर कळतं.

इ.स. २६ मध्ये टायबेरियस रोम सोडून गेला आणि मग काप्री बेटावर राहिला तो परत शहरात आलाच नाही. राज्याचा कारभार पत्रांवर चालायचा आणि पत्रं नेणारे-आणणारे सेजानसचे शिपाई. कोणाचा अर्ज सम्राटापर्यंत जाईल, कोणाची चुगली आधी पोचेल, कोणाला भेट मिळेल, हे सगळं एका माणसाच्या हाती आलं. अंगरक्षकाच्या सत्तेचा हा पहिला प्रकार, आणि यात तलवार उपसावीच लागत नाही. मालकाच्या दारावर उभं राहायचं आणि आत काय जाऊ द्यायचं ते ठरवायचं. ज्यांनी कधी सरकारी कचेरीत साहेबांच्या केबिनबाहेर तास काढला आहे, त्यांना हे वेगळं समजावून सांगायची गरज नाही.

सेजानसचा शेवटही दारावरच झाला. ३१ सालच्या १८ ऑक्टोबरची सकाळ. पॅलाटाइन टेकडीवरच्या अपोलोच्या देवळात सिनेट भरणार होतं. मॅक्रो नावाचा अधिकारी काप्रीहून सम्राटाचं पत्र घेऊन आला होता. त्याने सेजानसच्या कानात सांगितलं की पत्रात तुमच्या बढतीचा हुकूम आहे. सेजानस खुशीत आत जाऊन बसला. बाहेर मॅक्रोने प्रेटोरियन शिपायांना आपल्या नेमणुकीचा हुकूम दाखवला, इनाम मिळेल असं सांगितलं आणि त्यांना छावणीत परत पाठवलं. त्यांच्या जागी देवळाभोवती रात्रीच्या गस्तीचे आणि आगी विझवणारे शिपाई उभे केले. पत्र लांबलचक होतं. सुरुवातीला इकडचं तिकडचं, मध्येच सेजानसवर थोडी नाराजी, पुन्हा दुसरा विषय, आणि शेवटी त्याच्या अटकेचा हुकूम. वाचन चालू असताना शेजारी बसलेले सिनेटर एकेक करून उठून दूर जाऊ लागले. त्याच दिवशी त्याला मारण्यात आलं. प्रेटोरियन गप्प राहिले म्हणून त्यांना माणशी १००० दिनारियस, म्हणजे ४००० सेस्टर्स मिळाले. काही न करण्याचे पैसे मिळतात हे त्यांना त्या दिवशी कळलं.

दहा वर्षांनी त्यांनी काही करून दाखवलं. सम्राट कॅलिग्युला याच्या पहाऱ्यावर कॅसियस केरिया नावाचा अधिकारी होता. वयाने मोठा, लढाया पाहिलेला, पण आवाज बारीक. पहारेकऱ्यांना परवलीचा शब्द लागतो आणि तो सम्राटाकडून घ्यावा लागे. केरिया शब्द मागायला गेला की कॅलिग्युला मुद्दाम बायकी किंवा अश्लील शब्द द्यायचा. तो शब्द मग केरियाला आपल्या शिपायांसमोर उच्चारावा लागे आणि मागून हसू ऐकू येई. ४१ सालच्या २४ जानेवारीला राजवाड्यातल्या एका अरुंद वाटेवर केरियाने आणि त्याच्या साथीदारांनी कॅलिग्युलाला भोसकलं. कटामागे इतरही कारणं होती, सिनेटमधले लोकही सामील होते. पण ज्याच्या हाती आपला जीव आहे त्याचा पाणउतारा करू नये, एवढी साधी गोष्ट त्या सम्राटाला कळली नव्हती.

पुढचा प्रसंग मी अनेकदा वाचला आहे आणि दरवेळी थांबून पाहतो. राजवाड्यात पळापळ चालली आहे. कॅलिग्युलाचा काका क्लॉडियस, पन्नाशीचा, चालताना लंगडणारा, बोलताना अडखळणारा, घरच्यांनी कधी कामाचा न मानलेला, एका पडद्यामागे लपला आहे. लुटालूट करत फिरणाऱ्या एका शिपायाला पडद्याखाली पाय दिसतात. तो पडदा ओढतो. क्लॉडियस त्याच्या पायाशी पडून जीवदान मागतो, आणि शिपाई त्याला सम्राट म्हणून मुजरा करतो.

हा शिपाई वेडा नव्हता. त्या वेळी सिनेट जमून विचार करत होतं की आता सम्राटच नको, पुन्हा प्रजासत्ताक आणू. प्रेटोरियनांच्या दृष्टीने याचा अर्थ काय? सम्राट नसेल तर सम्राटाचे अंगरक्षक कोणाचे? छावणी जाईल, तिप्पट पगार जाईल, १६ वर्षांची नोकरी जाईल. तेव्हा त्यांना सम्राट हवा होता, कोणीही चालेल, फक्त राजघराण्यातला असावा म्हणजे बाहेरच्या पलटणी मान्य करतील. क्लॉडियसला पालखीत घालून छावणीत नेलं. सिनेट चर्चा करत राहिलं आणि दुसऱ्या दिवसापर्यंत त्याच्या हातातून सगळं निसटलं. क्लॉडियसने प्रत्येक प्रेटोरियनला १५,००० सेस्टर्स कबूल केले. त्यांचा पाच वर्षांचा पगार. सरहद्दीवरच्या शिपायाला तेवढे मिळवायला सोळा-सतरा वर्षं लागली असती.

त्याने पाडलेली नाणी आजही संग्रहालयांत आहेत. एका प्रकारावर छावणीची भिंत आहे आणि तिच्यावर लिहिलंय की सम्राटाला आत घेतलं. दुसऱ्यावर क्लॉडियस एका निशाणधारी शिपायाचा हात हातात घेऊन उभा आहे. ज्यांनी गादी दिली त्यांचे आभार त्याने सोन्याचांदीवर ठसवले. मला यात एक प्रामाणिकपणा दिसतो. ऑगस्टसने जे टोग्याखाली लपवलं होतं ते त्याच्या बहिणीच्या नातवाने नाण्यावर दाखवलं.

इथून पुढे बक्षिसीचा हक्क झाला. गादीवर येणाऱ्याने पैसे द्यायचेच. सोळाव्या-सतराव्या शतकात इस्तंबूलमध्येही हेच दिसतं. तिथले जानिसारी शिपाई नव्या सुलतानाकडून राज्यारोहणाचा पैसा वसूल करत, आणि त्याचं तुर्की नाव मराठी वाचकाला ओळखीचं वाटेल: जुलूस बक्षिशी. आपल्या पेशवाईतल्या फारसी वळणाच्या कागदांत ‘जुलूस’ हा शब्द राज्यारोहणापासून मोजलेल्या सालासाठी येतो, तोच हा जुलूस. १६२२ मध्ये या जानिसारींनी तरुण सुलतान उस्मान दुसरा याला पदच्युत केलं आणि त्याचा जीव घेतला. त्यांची जागा घेणारी नवी फौज उभारण्याच्या तो विचारात आहे अशी कुणकुण त्यांना लागली होती.

रोममध्ये बक्षिसी नाकारणारा पहिला सम्राट गाल्बा. ६८ साली नीरोचा शेवट झाला तो प्रीफेक्ट निम्फिडियस सॅबिनस याने शिपायांना फोडल्यामुळे. त्याने गाल्बाच्या नावावर माणशी ३०,००० सेस्टर्स कबूल केले होते. गाल्बा सत्तरी पार केलेला, कडक शिस्तीचा. तो म्हणाला, मी शिपाई निवडतो, विकत घेत नाही. तत्त्व म्हणून हे वाक्य सोन्यासारखं आहे आणि मला त्या म्हाताऱ्याबद्दल आदर वाटतो. पण शब्द त्याच्या नावाने दिला गेला होता आणि ज्यांना दिला ते त्याच्या उशाशी तलवार घेऊन उभे होते. थोडीशी रक्कम जरी वाटली असती तरी तो वाचला असता, असं तेव्हाच्या जवळच्या पिढीतल्या इतिहासकारांचंही मत आहे. त्याचा प्रतिस्पर्धी ओथो याने दोन साध्या हुद्द्यांच्या शिपायांना हाताशी धरलं. त्यातल्या एकाचं काम होतं परवलीचा शब्द तुकडीत पोचवणं. या दोघांनी साम्राज्य एकाकडून काढून दुसऱ्याकडे द्यायचं मनावर घेतलं आणि दिलं. ६९ सालच्या १५ जानेवारीला ओथोला सम्राट म्हणून मुजरा करायला आधी फक्त २३ शिपाई जमले होते. एवढे थोडे पाहून तो स्वतःच घाबरला. संध्याकाळ व्हायच्या आत गाल्बाचं डोकं भाल्यावर होतं.

आपल्या मनात इथे शनिवारवाडा येणारच. ३० ऑगस्ट १७७३. वाड्याच्या पहाऱ्यावर असलेले गारदी सुमेरसिंगाच्या पुढाकाराने आत घुसले. पगार थकल्याचा गलका होता, आणि वाड्यातच नजरकैदेत असलेल्या रघुनाथरावांशी आतून बोलणं झालं होतं. अठरा वर्षांचे नारायणराव काकांच्या दालनाकडे धावले आणि तिथेच मारले गेले. ‘ध’ चा ‘मा’ कोणी केला यावर पिढ्यानपिढ्या बोललं गेलंय. माझं लक्ष मात्र नेहमी त्यापुढच्या महिन्यांकडे जातं. गारद्यांच्या जोरावर रघुनाथराव पेशवे झाले खरे, पण नाना फडणीस, सखारामबापू आणि बाकीचे मुत्सद्दी एकत्र आले, बारभाईंचं कारस्थान उभं राहिलं, एप्रिल १७७४ मध्ये सवाई माधवरावांचा जन्म झाला आणि रघुनाथरावांना पुणं कायमचं दुरावलं. आणि ‘गारदी’ म्हटलं की खुनीच, हा आपल्या मनातला अर्थ अन्यायाचाही आहे, कारण बाराच वर्षांपूर्वी पानिपतावर इब्राहिमखान गारदी आणि त्याची पलटण शेवटपर्यंत लढली होती. ‘होता जिवा म्हणून वाचला शिवा’ ही म्हणही याच भाषेतली. अंगरक्षकाची दोन्ही टोकं मराठी माणसाने पाहिली आहेत.

रघुनाथरावांचं जे झालं तेच ओथोचं झालं. तीन महिन्यांत ऱ्हाईनवरच्या पलटणींनी त्याला हरवलं, मग त्यांचा व्हिटेलियस आला, त्याला पूर्वेकडच्या आणि डॅन्यूबवरच्या पलटणींनी उखडलं आणि व्हेस्पेशियन बसला. एका वर्षात चार सम्राट. अंगरक्षकांच्या सत्तेची मर्यादा इथे उघडी पडते. राजधानीतली एकमेव तयार फौज असल्यामुळे गादी रिकामी पडली की पहिला डाव त्यांचा. पण तो टिकवायला साम्राज्याच्या कडेला असलेल्या मोठ्या फौजा हव्यात, आणि त्या महिन्या-दोन महिन्यांनी दारात येतात. सम्राटाचा वारस कसा ठरवायचा याचा कायदा रोमने कधी केलाच नाही. ऑगस्टस राजा नव्हताच ना, मग वारसाचा कायदा कसला? त्या न लिहिलेल्या कायद्याच्या फटीत प्रेटोरियन उभे होते.

व्हेस्पेशियनने उपाय काढला तो घरगुती. प्रीफेक्ट म्हणून स्वतःच्या मुलाला, टायटसला नेमलं. इतरांनी वेगळं करून पाहिलं. पहिल्या सम्राटांजवळ जर्मन अंगरक्षकांचं वेगळं पथक होतं, ज्यांना रोमच्या राजकारणाशी देणंघेणं नसे. ट्रेजनच्या काळापासून निवडक घोडेस्वारांचं आणखी एक पथक दिसतं. म्हणजे पहाऱ्यावर पहारा. ट्रेजनची एक गोष्ट मला आवडते. प्रीफेक्टच्या हाती पदाची तलवार देताना तो म्हणाला, मी नीट राज्य केलं तर ही माझ्यासाठी वापर, नाही केलं तर माझ्यावर. हे बोलायला छाती लागते. पण त्याआधी वर्षभरापूर्वीच प्रेटोरियनांनी वृद्ध सम्राट नर्व्हाला राजवाड्यात कोंडलं होतं, नर्व्हाने त्यांच्यापुढे आपला गळा उघडा केला होता, आणि तरीही त्यांनी हवी ती माणसं त्याच्याकडून घेऊन मारली होती. ट्रेजनला ते सगळं माहीत होतं, आणि त्या प्रकाराच्या म्होरक्यांना त्याने आपल्याकडे बोलावून घेऊन संपवलं होतं.

मग आलं १९३ साल. आधीच्या ३१ डिसेंबरला सम्राट कॉमोडसचा खून झाला, त्यात प्रीफेक्ट लीटसचा हात होता. कटवाल्यांनी गादीवर पर्टिनॅक्सला बसवलं. हा शाळामास्तरकी करून वर आलेला, सहासष्ट वर्षांचा, काटकसरी. तिजोरी रिकामी, म्हणून त्याने कॉमोडसच्या चैनीच्या वस्तू विकून शिपायांना माणशी १२,००० कबूल केले आणि दिले. पण त्याला शिस्तही हवी होती, आणि ती त्यांना नको होती. ८७ व्या दिवशी दोनेकशे शिपाई तलवारी उपसून राजवाड्यात शिरले. पर्टिनॅक्स लपला असता, दारं लावून घेतली असती. तो त्यांच्यासमोर येऊन बोलू लागला. काही क्षण शिपायांनी माना खाली घातल्या, तलवारी म्यानात गेल्या. मग एक जण पुढे झाला, तलवार खुपसली, आणि बाकीचे तुटून पडले.

त्याच दिवशी लिलाव झाला. पर्टिनॅक्सचा सासरा सल्पिशियानस छावणीत होता, जावयाचं प्रेत पडलेलं असताना गादीसाठी बोली लावत होता. दिडियस ज्युलियानस नावाचा श्रीमंत सिनेटर छावणीच्या दाराबाहेर उभा राहिला. निरोपे आतबाहेर धावत होते: तो इतके देतोय, तुम्ही किती वाढवता? आकडा माणशी २०,००० पर्यंत गेला. तेव्हा ज्युलियानसने एकदम ५,००० ने चढवली, मोठ्याने ओरडून आणि हाताच्या बोटांनी खूण करून. शिवाय आतल्यांना सुचवलं की सल्पिशियानसला घेतलंत तर तो उद्या जावयाचा सूड घेईल. दरवाजा उघडला गेला. हा सगळा वृत्तांत लिहिणारा कॅसियस डिओ त्या वेळी स्वतः सिनेटर होता. त्या रात्री अंघोळ-जेवण उरकून, चेहऱ्यावर काही दिसू न देता, शिपायांच्या गर्दीतून वाट काढत तो आणि त्याचे सोबती सिनेटमध्ये गेले आणि त्यांनी ज्युलियानसला मान्यता दिली.

६६ दिवसांत तो संपला. डॅन्यूबवरच्या पलटणींचा सेनापती सेप्टिमियस सेव्हेरस पर्टिनॅक्सचा सूड घ्यायचा म्हणत रोमवर चालून आला. प्रेटोरियन लढलेसुद्धा नाहीत. राजधानीत राहून त्यांना लढायची सवयच उरली नव्हती. सिनेटने ज्युलियानसला देहदंड फर्मावला आणि राजवाड्यात एका शिपायाने त्याला मारलं. मरताना तो विचारत होता, मी काय वाईट केलं, मी कोणाला मारलं?

सेव्हेरसने प्रेटोरियनांना शहराबाहेर मैदानात बोलावलं, शस्त्रं न घेता. ते आले, आणि पाहतात तर चहूबाजूंनी सरहद्दीवरचे शिपाई. त्यांनी प्रेटोरियनांचे पट्टे काढले, खंजीर आणि घोडे काढून घेतले, आणि रोमच्या शंभर मैलांच्या आत दिसाल तर मराल असं बजावून हाकलून दिलं. डिओने त्या गर्दीतला एक शिपाई टिपून ठेवला आहे. त्याचा घोडा त्याला सोडेना. खिंकाळत त्याच्या मागोमाग चालत राहिला. शेवटी त्या माणसाने आधी घोड्याला मारलं आणि मग स्वतःला. सम्राट विकणाऱ्या त्या जमावात हाही होता, आणि त्याचं घर, नोकरी, मान सगळं त्या घोड्यापाशी संपत होतं. मला त्याचा राग येत नाही.

दिल्लीत साधारण असंच एकदा घडलं होतं. १३१६ मध्ये अलाउद्दीन खलजी वारल्यावर मलिक काफूर सत्ता बळकावून बसला, तोच काफूर ज्याने देवगिरीवर स्वारी केली होती. त्याने हजार सुतून महालातल्या पाईकांना, म्हणजे पहाऱ्यावरच्या पायदळाला, शहजादा मुबारक याच्याकडे पाठवलं. पाईकांनी उलट काफूरलाच मारलं आणि मुबारक गादीवर आला. मग ते आम्हीच राजा केला म्हणत मिरवू लागले, मानपान मागू लागले. मुबारकने त्यांच्या तुकड्या फोडल्या, वेगवेगळ्या गावी पाठवल्या आणि तिथे त्यांच्या म्होरक्यांना मारलं. ज्याने राजा केला त्याला राजा जवळ ठेवू शकत नाही, हे मुबारकला सेव्हेरसइतकंच कळलं होतं.

सेव्हेरसने मात्र संस्था मोडली नाही, फक्त माणसं बदलली. आपल्या पलटणींतले कसलेले शिपाई भरले, संख्या वाढवली, शिवाय रोमजवळ आल्बानोला एक अख्खी पलटण ठेवली. नवे शिपाई इटलीचे नव्हते, लढाईत मुरलेले होते, आणि त्याच छावणीत राहिल्यावर काही वर्षांत तेच करू लागले. २१७ मध्ये सम्राट कॅराकॅलाचा खून झाला आणि त्यामागचा प्रीफेक्ट मॅक्रिनस स्वतः सम्राट झाला. सिनेटर नसलेला पहिला सम्राट. ऑगस्टसचा दुसरा अडसर तो निघाला. २२२ मध्ये सम्राट एलागाबालस मारला गेला, २३८ मध्ये प्युपिएनस आणि बाल्बिनस हे दोघे सम्राट एकदम. या यादीत मला सगळ्यात जास्त चटका लावतो तो सम्राट नव्हेच: अल्पियन, रोमचा थोर कायदेपंडित, ज्याच्या लिखाणातून जस्टिनियनच्या कायदेसंग्रहाचा मोठा भाग घेतला गेला. तो प्रीफेक्ट असताना त्याच्याच शिपायांनी रात्री त्याचा पाठलाग केला. तो तरुण सम्राटाकडे पळाला, आणि सम्राटाच्या समोर मारला गेला. सम्राट काही करू शकला नाही.

तिसऱ्या शतकात हळूहळू रोम शहरच मागे पडलं. सम्राट सरहद्दीजवळ राहू लागले, मिलान, ट्रियर, निकोमेडिया अशा गावांत दरबार भरू लागला, आणि जिथे सम्राट नाही तिथे त्याच्या दारावरचा पहारा काय कामाचा? ३०६ मध्ये प्रेटोरियनांनी शेवटचा सम्राट केला, मॅक्सेन्शियस. ३१२ सालच्या २८ ऑक्टोबरला मिल्व्हियन पुलापाशी कॉन्स्टंटाइनने त्याला हरवलं. मॅक्सेन्शियस टायबर नदीत बुडाला. प्रेटोरियन मात्र या वेळी लढले, मागे नदी असताना जागेवर उभे राहून लढले आणि मेले. उरलेल्यांना कॉन्स्टंटाइनने कायमची रजा दिली. राजवाड्याच्या घोडेस्वारांचं ठाणं पाडून त्यावर चर्च बांधायला घेतलं, आजचं लॅटेरन बॅसिलिका. प्रीफेक्टचं पद राहिलं, पण त्याच्या हातातली फौज काढून घेतली. पुढची शतकं तो वसुली आणि न्यायनिवाडा पाहणारा मुलकी अधिकारी झाला.

कास्ट्रा प्रेटोरियाची जागा आजही ओळखता येते. रोमच्या तेर्मिनी स्टेशनपासून चालत जाण्याच्या अंतरावर कास्ट्रो प्रेटोरियो नावाचं मेट्रो स्टेशन आहे, शेजारी राष्ट्रीय ग्रंथालय, आणि आवारात इटलीच्या लष्कराची बराक. छावणीच्या बाहेरच्या बाजूच्या भिंती अजून उभ्या आहेत, कारण २७० च्या दशकात ऑरेलियन सम्राटाने शहराचा नवा तट बांधला तेव्हा त्या त्यात घेतल्या गेल्या होत्या. पाडताना कॉन्स्टंटाइनने त्यांना हात लावला नाही. त्याने शहराकडे तोंड असलेली भिंत पाडली.